भिंगरीचा लाल ठिपका

आत्याला राग यायला फारसं कारण लागत नसे, पण त्या संध्याकाळी चांगलं दोन पानी, शिक्का मारलेलं कारण तिच्या हातात होतं. तिने ते एकदा उभ्याने वाचलं, एकदा स्टुलावर बसून वाचलं, आणि तिसऱ्यांदा वाचताना तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

कागद भाचीच्या शाळेतून आला होता. मुलीचं वय पाच वर्षं दोन महिने. बालवर्गाच्या टॅबवर अकरा आठवड्यांत तिला दोनशे चौदा प्रश्न विचारले गेले, त्यांपैकी एकाही प्रश्नाला तिने उत्तर दिलं नाही. मूल खेळात भाग घेत नाही. मूल टॅब फ्रॉकने पुन्हा पुन्हा पुसत बसतं. सबब पुढच्या वर्षी तिला पहिलीत न घालता मागे पडलेल्या मुलांच्या वेगळ्या वर्गात घालावं, अशी शिफारस होती. खाली आईवडिलांच्या सहीसाठी दोन रेघा होत्या आणि त्यातल्या एका रेघेवर सही होऊनही गेली होती. ती सही आत्याच्या धाकट्या भावाची होती. दोनशे चौदा प्रश्नांपेक्षा त्या एका सहीने तिचं डोकं जास्त फिरलं.

ही आत्या फोटोंना चौकटी घालायची. बापामागे तिने दुकान हातात घेतलं त्याला सव्वीस वर्षं झाली होती. इतक्या वर्षांत काच तिच्या हाताला जितकी लागली नसेल तितकी तिची जीभ गिऱ्हाइकांना लागली असेल. तरी लोक येत, कारण तिच्या चौकटीचा कोपरा कधी उघडला नाही. लग्न का केलं नाही असं कोणी विचारलंच, तर ती म्हणायची, बघायला आले होते चार-पाच, पण मापात एकही बसेना. मग विचारणारा आपला फोटो घेऊन निमूट निघून जायचा.

भाऊ बस चालवायचा. वहिनी रुग्णालयाच्या धुलाईघरात पहाटेच्या पाळीला जायची. त्यामुळे पोर आठ महिन्यांची असल्यापासून दुकानात, पुठ्ठ्याच्या खोक्यात बसून वाढली. चालायला लागली आणि एका जागी ठरेना, म्हणून आत्यानेच तिचं नाव भिंगरी पाडलं. कापलेल्या पुठ्ठ्यांचे तुकडे हे तिचं खेळणं. तिने तुकडे जोडून घरं केली, होड्या केल्या, तिरके तुकडे एकीकडे आणि सरळ तुकडे एकीकडे असे ढीग लावले. चार खिळे दे म्हटलं की चारच द्यायची. कुठल्या फोटोला कुठली पट्टी पुरेल हे ती नुसत्या नजरेने सांगायची, आणि पाचातल्या चार वेळा तिचं बरोबर यायचं. हिला हे लोक मागे पडलेली म्हणतात, असं म्हणून आत्याने कागद टेबलावर आपटला आणि दुकान अर्धा तास आधीच बंद केलं.

घरी मग जे व्हायचं ते झालं. भाऊ जेवत होता, त्याला तिने जेवतानाच फैलावर घेतलं. सही करण्याआधी मला विचारायला काय तुझी जीभ झडली होती का, हे झालं. शाळेत तू स्वतः कितवीत दोनदा बसला होतास, हेही झालं. भाऊ गरीब स्वभावाचा होता, दिवसभर लोकांच्या शिव्या खाऊन घरी यायचा आणि घरी बहिणीच्या खायचा. पण त्या दिवशी त्यानेही ताट बाजूला सारलं.

"ताई, यंत्राला काय आपल्याशी वैर आहे का?" तो म्हणाला. "ते खोटं कशाला सांगेल? दुसरी मुलं घरी टॅबवर शिकतात. आपली दिवसभर खिळ्यांत आणि भुश्यात असते. तू ठेवतेस म्हणून आम्ही ठेवली. आता भोगतोय."

हे आत्याच्या वर्मी लागलं. वहिनी कपड्यांच्या घड्या घालत होती, तिने मान वर केली नाही आणि तिने नवऱ्याला गप्पही केलं नाही. म्हणजे तिचंही तेच मत होतं. आत्याला एकदम वाटलं की या घरात पाच वर्षं आपण फुकट राबलो. ती ओरडली, की यंत्रं आली म्हणून अक्कल गहाण टाकायची नसते, आणि जी पोर घरातल्या मोबाइललासुद्धा हात लावत नाही, तिच्यासारखी गुणी पोर या गल्लीत दुसरी दाखव.

ते मात्र खरं होतं आणि त्यावर तिघांचंही एकमत होतं. शेजारपाजारची मुलं मोबाइलसाठी जमिनीवर लोळण घेत. भिंगरी मोबाइल समोर पडलेला असला तरी लांबून बघायची, फार तर मान तिरकी करून चित्रं बघायची. वहिनी धुलाईघरात हे कौतुकाने सांगायची. भाऊ डेपोत सांगायचा. आत्या तर गिऱ्हाइकांना मुद्दाम दाखवायची, की बघा, एवढीशी आहे पण दुकानात काचेला बोट लावत नाही, आणि तुम्ही एवढे घोडे झालात तरी टेकता.

भिंगरी दाराच्या आड उभी राहून सगळं ऐकत होती. मोठी माणसं आपल्यावरून भांडतात हे पाच वर्षांच्या पोरीला कळतं. ती रोज झोपण्याआधी खोलीभर गिरक्या घ्यायची, त्या रात्री घेतल्या नाहीत, आणि तिकडे कोणाचं लक्षही नव्हतं.

सकाळी आत्या अगदी शांत होती. तिने भावाला सांगितलं की शाळा वाटेवरच आहे, कागद मीच देऊन टाकते. वहिनीने कामाला जाताना दुसऱ्या रेघेवर सही करून ठेवलीच होती. भावाला हायसं वाटलं. बहिणीचा आवाज खाली आला की पुढे काय येतं हे त्याला इतक्या वर्षांत कळायला हवं होतं, पण तो घाईत होता.

रस्त्यात तिने भिंगरीचा हात घट्ट धरला होता. दुकानाच्या दारात एक जुनं गिऱ्हाईक फोटो काखेत मारून उभं होतं, त्याला तिने चालता चालता सांगितलं की दुपारनंतर या. त्याने तिच्या तोंडाकडे बघितलं आणि का ते विचारलं नाही.

शाळेत भिंगरी वर्गात गेली आणि आत्या मोठ्या बाईंच्या खोलीत. मोठ्या बाई म्हणजे मुख्याध्यापिका. बोलायला मऊ, दिसायला टापटीप, आणि समोरचा कितीही तापला तरी स्वतः न तापणारी बाई. अशी माणसं आत्याला जास्त तापवत. खोलीत गळ्यात पट्टा अडकवलेला एक तरुणही होता. हे टॅब ज्या कंपनीचे होते तिचा तो माणूस, आठवड्यातून एकदा येऊन आकडे बघायचा. मुलं त्याला टॅबवाले काका म्हणत, आणि आत्यानेही मनातल्या मनात त्याला टॅबवाला करून टाकलं.

कागद कुठे आहे असं मोठ्या बाईंनी विचारलं. आत्या म्हणाली, पिशवीत आहे आणि पिशवीतच राहणार आहे. मग तिने कालपासून साठवलेलं सगळं बाहेर काढलं. मोठ्या बाईंनी ऐकून घेतलं, मान हलवली, तुमची तळमळ समजते म्हणाल्या. टॅबवाल्याने तेवढ्यात आपला पडदा तिच्याकडे वळवला. त्यावर बावीस ठिपके होते. काही हिरवे, काही पिवळे, आणि खालच्या कोपऱ्यात एकटा लाल.

"ही तुमची," तो लाल ठिपक्याकडे बोट करून म्हणाला.

आत्याने विचारलं, की हा ठिपका कधी फिरताना पाहिलात का? कारण आमची पोर फिरते, म्हणून तिला भिंगरी म्हणतात. तो गोंधळला. म्हणाला, नोंदींत तसं काही दिसत नाही, उलट सगळ्या वर्गात तीच सर्वांत स्थिर बसते, आणि त्या वयाला इतकं स्थिर बसणं हेही एक लक्षण धरतात. मग त्याने अगदी साध्या आवाजात, सर्दी-खोकल्याचं विचारावं तसं विचारलं, की घराण्यात कोणी उशिरा बोलायला लागलं होतं का?

"आमच्या घराण्यात," आत्या म्हणाली, "कोणी अजून बोलायचं थांबलेलं नाही."

मोठ्या बाईंच्या ओठांवर हसू येऊन गेलं, पण आत्याला हसू येत नव्हतं. जिने अकरा आठवडे रोज येऊन बाकावर बसून दाखवलं, तिच्याबद्दल या माणसाला एवढंच ठाऊक होतं की ती लाल आहे. आत्या म्हणाली, मला वर्ग बघायचाय, आत्ता, आणि बघितल्याशिवाय मी इथून हलणार नाही. मोठ्या बाईंनी घड्याळ पाहिलं. टॅबचा तास नुकता सुरू झाला होता. दारात उभं राहून बघा म्हणाल्या, आत बोलू नका.

बालवर्गाचं दार अर्धं उघडं होतं. बुटकी टेबलं, बुटक्या खुर्च्या, भिंतीला लागून एक काचेचं कपाट. कपाटात लाकडी ठोकळे, मणी, रंगीत दोऱ्या होत्या, आणि त्याला कुलूप होतं. कुलुपावर धूळ होती, ती आत्याच्या नजरेतून सुटली नाही. वर्गाच्या बाई, विशीतली एक मुलगीच ती, पुढे बसून मोठ्या टॅबवर बावीस ठिपके बघत होती. मुलं वाकून बोटं चालवत होती. टणटण आवाज होत होते, कुठे टाळ्या वाजत होत्या, कुठे कोंबडा आरवत होता, आणि सगळा आवाज यंत्रांचा होता. बावीस पोरं एका खोलीत होती आणि एकही पोर दुसऱ्याशी बोलत नव्हतं.

भिंगरी खिडकीजवळ होती. तिने दोन्ही हात पाठीमागे बांधले होते.

तिच्या टॅबमधून एक गोड बाई म्हणाली, त्रिकोण कुठे आहे, बोट लावून दाखव. पडद्यावर चार आकार होते. भिंगरीने त्रिकोणाकडे बघितलं. तिचे ओठ हलले. ती म्हणत होती, तो काय तिथे. तिने हनुवटीने दाखवलंसुद्धा. यंत्राला हनुवटी दिसत नव्हती. गोड बाई म्हणाली, चला, पुन्हा प्रयत्न करूया. भिंगरीने पुन्हा हनुवटीने दाखवलं, या खेपेला जरा नीट, समोरच्याला कमी दिसत असेल अशा समजुतीने. चला, पुन्हा प्रयत्न करूया. मग तिचं लक्ष पडद्याच्या कोपऱ्याकडे गेलं. आधीच्या वर्गातल्या कुठल्या तरी पोराची चिकट बोटं तिथे उमटली होती. भिंगरी पुढे वाकली, तोंड उघडून तिने काचेवर वाफ सोडली, फ्रॉकचं टोक धरलं आणि पुसायला लागली. आधी चारी कडा, मग आडवं, मग उभं, आणि शेवटी मान तिरपी करून उजेडात डाग राहिला का ते बघितलं. मग फ्रॉक सोडला आणि हात पुन्हा पाठीमागे बांधले.

आधी कडा, मग आडवं, मग उभं. सव्वीस वर्षं आत्या काच अशीच पुसत आली होती. या गावात दुसरं कोणी तशी पुसत नव्हतं.

तिला दीड वर्षापूर्वीची सकाळ आठवली. एका म्हाताऱ्या गृहस्थांनी बायकोचा फोटो दिला होता, बाई नुकतीच गेली होती. आत्याने चौकट पुरी केली, मागून खिळे मारले, कागदी पट्टी चिकटवली. म्हातारा न्यायला आला आणि उजेडात धरली तर काचेच्या आतल्या बाजूने पाच छोटी बोटं, बाईंच्या गालावर. त्या गृहस्थांनी काही आरडाओरडा केला नाही. असू द्या म्हणाले, लहान मूल आहे. पण आत्याने असू दिलं नाही. सगळ्या गावात आपली अब्रू गेल्यासारखं तिला वाटलं. तिने पट्टी फाडली, खिळे उपटले, काच काढली, आणि काच पुसता पुसता पोरीला बोलत राहिली. तासभर बोलत राहिली. साडेतीन वर्षांची पोर हात पाठीमागे बांधून कोपऱ्यात उभी होती, कारण तसं उभं राहायला आत्यानेच सांगितलं होतं. पुन्हा काचेला बोट लावशील तर बघ, असं ती म्हणाली होती. त्यानंतर पोरीने कधी लावलं नाही. आत्याला वाटलं होतं की पोरीला वळण लागलं.

टॅबचा पडदा काचेचा असतो. हे अकरा आठवड्यांत कोणाच्याही डोक्यात आलं नव्हतं.

राग मात्र इतक्यात माघार घेईना. तो आधी बाहेरच्यांवर गेला, जसा नेहमी जायचा. आत बोलू नका हे विसरून आत्या वर्गात घुसली आणि वर्गाच्या बाईंना तिने भर वर्गात धारेवर धरलं. अकरा आठवडे एक पोर तुमच्यासमोर हात बांधून बसली, तुम्ही उठून तिच्याजवळ गेला नाहीत? तिचे ओठ हलतात ते दिसले नाहीत? तिला सगळं येतं. आमचा धंदा काचेचा, काचेला बोट लावायचं नाही हे तिला शिकवलंय, आणि तुमच्या यंत्राला बोटाशिवाय दुसरं काही कळत नाही, म्हणून माझी पोर लाल?

वर्गाच्या बाईंचे डोळे भरून आले. तिने मोठ्या बाईंकडे बघितलं, त्या मागोमाग आल्या होत्या, टॅबवालाही होता. ती म्हणाली, की टॅबच्या तासाला मुलांना मदत करायची नाही असं आम्हाला सांगितलंय, मदत केली तर आकडे बिघडतात. मग डोळे पुसून तिने आवाज जरा चढवला.

"मी जवळ गेले नाही, चुकलं माझं," ती म्हणाली. "पण बोट का लावत नाहीस, हे तुमच्यापैकी तरी कोणी विचारलं का तिला?"

कागद आला तेव्हा आत्या भावाला बोलली होती, वहिनीला बोलली होती, यंत्राला बोलली होती. भिंगरी दाराआड उभी होती. तिला कोणी एक शब्द विचारला नव्हता.

टॅबवाल्याला सगळं ऐकून नवल वाटलं. असं पहिल्यांदाच घडतंय म्हणाला, आणि घाईघाईने कुठेतरी लिहूनही घेतलं. मागची अकरा आठवड्यांची नोंद मात्र बदलता येणार नाही म्हणाला, ती झाली ती झाली. मोठ्या बाईंनी त्याला हाताने थांबवलं. त्या पहिल्यांदाच नुसत्या मऊ न बोलता सरळ बोलल्या. वेगळ्या वर्गाची नावं आज दुपारी पुढे जायची आहेत. तास संपायला अजून वीस मिनिटं आहेत. तेवढ्यात तिने बोट लावून उत्तरं दिली, तर मी माझ्या जबाबदारीवर तिचं नाव काढते आणि पहिलीत पाठवते. नाही दिली, तर काचेची गोष्ट मी वर कशी पटवून सांगणार?

आत्या भिंगरीच्या टेबलाशी गेली. त्या बुटक्या खुर्च्यांत मोठ्या माणसाला बसता येत नाही, ती तशीच गुडघ्यांवर टेकली. पोर तिच्याकडे बघत होती, आणि तिचे पाठीमागचे हात अजूनच वर सरकले होते.

"लाव बोट," आत्या म्हणाली. "या काचेला चालतं."

भिंगरीने मान हलवली. नाही.

आत्याने स्वतःचा पंजा पडद्यावर ठेवला, दाबून, पाचही बोटं. यंत्र गोंधळून टणटणलं. भिंगरी दचकली, आणि आत्याने हात उचलताच ती वाफ सोडायला पुढे वाकली. आत्याने तिला धरलं. पुसू नको, लाव म्हणते ना. मागे मोठ्या बाई उभ्या होत्या, टॅबवाला घड्याळ बघत होता, आसपासची पोरं बोटं थांबवून टकमका बघत होती. आत्याला घाम फुटला. तिने विचारलं, अगं का नाही लावत, सांग की. हा प्रश्न तिने विचारला तोही दरडावूनच विचारला.

भिंगरीने वर्गाच्या बाईंकडे बघितलं. मग हळूच, पण सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "आत्या ओरडते."

आत्याचं तोंड लालबुंद झालं.

"आता नाही ओरडणार," ती म्हणाली.

"खरंच नाही?"

"नाही म्हटलं ना एकदा!"

ती ओरडली होती. आपला आवाज तिला स्वतःलाच भिंतीवरून परत ऐकू आला. पलीकडच्या टेबलावरच्या पोराने टॅबवरून हात काढून मांडीत घेतले. भिंगरीने डोळे मिटले, खांदे वर घेतले आणि ती बोलणी संपायची वाट बघत बसली. तिला सवय होती. किती वेळ डोळे मिटायचे, कधी उघडायचे, हे तिला चांगलं माहीत होतं, जसं पुसताना आधी कडा घ्यायच्या हे माहीत होतं. हेही ती दुकानातच शिकली होती.

आत्याने ते तोंड अगदी जवळून बघितलं. मुख्याध्यापिका, कंपनी, भाऊ, सगळ्यांवरचा राग एका क्षणात तिच्या स्वतःकडे वळला, आणि तो टाकायला आता दुसरं कोणी उरलं नाही. स्वतःच्या मुस्काटात मारून घ्यावी असं तिला वाटलं. पण तिथे हात उचलला असता, तर पोर अजून आक्रसली असती.

ती टेबलाला धरून उठली. वर्गाच्या बाईंकडे बघायला तिला जड गेलं, पण तिने बघितलं.

"बाई, तुम्ही बसा तिच्याजवळ," ती म्हणाली. "मी इथे आहे तोवर ती लावायची नाही. माझीच भीती आहे तिला. यंत्राची नाही आणि तुमची पण नाही."

स्वतःबद्दल असं सव्वीस वर्षांत ती कोणासमोर बोलली नव्हती. वर्गाच्या बाईंनी मोठ्या बाईंकडे बघितलं नाही, परवानगी मागितली नाही. हातातला टॅब पालथा ठेवला, भिंगरीच्या टेबलाशी आल्या आणि फरशीवर मांडी घालून बसल्या. टॅबवाला म्हणाला, की असं जवळ बसलेलं चालत नाही. मोठ्या बाई त्याला म्हणाल्या, तुम्ही जरा माझ्या खोलीत बसा. आणि त्याला घेऊन निघाल्या.

आत्या बाहेर आली आणि तिने दार ओढून घेतलं. व्हरांड्यात कोणी नव्हतं. भिंतीला खुंट्यांवर बावीस छोटी दप्तरं टांगली होती. ती दाराला पाठ लावून उभी राहिली. पिशवीत कागद होता, तो तिने चाचपला आणि हात काढून घेतला. आत काय चाललंय ते नीट कळत नव्हतं. गोड बाई म्हणाली, चला, पुन्हा प्रयत्न करूया. परत म्हणाली. आत्याने दात आवळले. ते यंत्र तिने आत्ता भिंतीवर फेकलं असतं, आणि तरी निदान ते अकरा आठवडे तेच तेच म्हणत होतं आणि एकदाही चिडलं नव्हतं, हे मनात आल्यावर तिला यंत्राचा आणखीच राग आला.

आतून वर्गाच्या बाईंचा आवाज येत होता, शब्द कळत नव्हते. मग भिंगरीचा आवाज आला. काहीतरी विचारत होती. पुन्हा बाई. मग बराच वेळ काही नाही. आत्याने घड्याळ पाहिलं नाही, तिला बघवेना.

टण.

एक. मग थांबलं. कोणाचं दुसऱ्याच पोराचं असेल असं तिने स्वतःला सांगितलं. मग पुन्हा टण, आणि पाठोपाठ भिंगरी हसली. ते हसू मात्र दुसऱ्या कोणाचं नव्हतं. मग टण, टण, टण, मधे दम न घेता, कोंबडा आरवला, टाळ्या वाजल्या, आणि त्यात भिंगरीचा आवाज वर चढला, बाई हे बघा, बाई ते बघा, हा तर त्रिकोण, हा आमच्याकडे केवढा पडलेला असतो. खुर्ची सरकल्याचा आवाज आला आणि पावलं गोल गोल थडथडली. पोर वर्गात गिरक्या घेत होती.

आत्याचे डोळे वाहायला लागले आणि ते तिने पुसले नाहीत. आत जाऊन एकदा, एकदाच बघावं असं तिला फार फार वाटलं. तिचा हात कडीवर गेला. मग तिने तो काढून घेतला, कारण आपलं तोंड दारात दिसलं की ते बोट मागे जाईल, हे तिला आता माहीत होतं.